दादाचा शंख

दिवाळीची साफसफाई हा माझ्या वयाच्या बायकांचा हट्टच असतो म्हणा ना. गुडघे कुरकुरतात, सूनबाई "राहू द्या हो आई" म्हणते, पण शोकेसमधल्या वस्तू स्वतःच्या हाताने पुसल्याशिवाय मला चैन पडत नाही. यंदाही तशीच बसले होते. पितळी घोडा, मुलाला शाळेत मिळालेला कप, कोणे एके काळी कोणीतरी दिलेला ताजमहाल... आणि या सगळ्यांच्या मागे, कापसावर ठेवलेला दादाचा शंख.

दादा म्हणजे माझा थोरला भाऊ. १९७८ साली तो कन्याकुमारीला सहलीला गेला होता. तिथल्या किनाऱ्यावरच्या एका दुकानातून त्याने हा माझ्यासाठी आणला. "तुझ्या शाळेतल्या पोरांना दाखव," म्हणाला होता. माझ्या मधल्या बोटाएवढा, वर रुंद आणि खाली निमुळता, अगदी आइसक्रीमच्या कोनासारखा. पिवळसर तपकिरी रंगावर पांढरे त्रिकोण, एकावर एक रचलेले, जणू कोणी बारीक विणकाम केलं आहे. दादा १९९८ साली गेला. शंख राहिला.

त्याची मुलगी, माझी भाची, अमेरिकेत असते. फोनवर बोलताना मी सहज म्हटलं की आज बाबांचा शंख पुसला. ती एकदम गप्प झाली आणि मग म्हणाली, "आत्या, तो मला देशील? बाबांची अशी वस्तू माझ्याकडे काहीच नाही." आता याला नाही कोण म्हणेल? मी लगेच हो म्हणून मोकळी झाले.

पण आमच्या घरात कुठलीच गोष्ट इतकी सरळ होत नाही. धाकट्या बहिणीचा मुलगा प्राणिशास्त्र शिकलेला. त्याला शंखाचं वर्णन सांगितलं तर तो म्हणाला, "मावशी, हा ग्लोरी ऑफ इंडिया तर नाही ना? तसा असेल तर तू पाठवायचा विचारसुद्धा करू नकोस. वाघासारखा पहिल्या अनुसूचीतला प्राणी आहे तो!"

माझे तर हातपायच गार पडले. तेहेतीस वर्षं मराठी आणि इतिहास शिकवलेली बाई मी, उभ्या आयुष्यात रेल्वेचं तिकीट न काढता प्रवास केला नाही, आणि वाघाच्या बरोबरीचा गुन्हा शोकेसमध्ये कापसावर ठेवून बसले होते की काय?

त्या दोन दिवसांत मी या शंखाविषयी जेवढं वाचलं तेवढं बी.ए.लाही वाचलं नव्हतं. आधी हा 'ग्लोरी ऑफ इंडिया' काय ते सांगते. त्याचं शास्त्रीय नाव कोनस मिल्नएडवर्ड्सी. जुसोम नावाच्या फ्रेंच शास्त्रज्ञाने १८९४ साली त्याला हे नाव दिलं. हा खोल पाण्यात राहणारा कोन, अरबी समुद्रापासून आफ्रिकेच्या पूर्व किनाऱ्यापर्यंत सापडणारा. सडपातळ अंगाचा आणि उंच टोकाचा. देवळाच्या शिखरासारखं त्याचं टोक पायऱ्यापायऱ्यांनी वर चढत जातं.

आपल्या मुंबईचा त्याच्याशी थेट संबंध आहे हे वाचून मला फारच गंमत वाटली. त्या काळी समुद्राच्या तळातून तारायंत्राच्या केबली टाकलेल्या होत्या आणि त्यांची देखभाल करणारी जहाजं अरबी समुद्रात फिरत असत. अशा जहाजावरच्या टाउनसेंड नावाच्या माणसाला शंख जमवायचा नाद होता. त्याने मुंबईपासून दूर खोल समुद्रातून वर आलेले या जातीचे शंख इंग्लंडला पाठवले. तिथे मेल्विल आणि स्टँडन या दोघांनी १८९९ साली त्यांचं वर्णन छापलं. म्हणजे मुंबईच्या माणसाने तार केली, तर ती या शंखांच्या डोक्यावरूनच जात असणार!

२००१ साली केंद्र सरकारने वन्यजीव संरक्षण कायद्याच्या यादीत काही शंख-शिंपल्यांची नावं घातली, त्यात पहिल्या अनुसूचीत याचं नाव आलं. जगात कोनांच्या नऊशेहून अधिक जाती आहेत. त्यांतल्या या एकाच कोनाचं नाव त्या यादीत होतं.

मी घाबरत घाबरत आमच्या शंखाचा फोटो काढून पाठवला. पाच मिनिटांत उत्तर आलं. "मावशी, निवांत झोप. टोक बुटकं आहे. हा टेक्स्टाइल कोन, भरपूर सापडतो." टेक्स्टाइल म्हणजे कापड. अंगावरच्या विणीवरून लिनियसनेच १७५८ साली हे नाव दिलेलं. मी देवापुढे साखर ठेवली.

खरं तर इथे गोष्ट संपायला हवी होती. शंख कायदेशीर, भाची खूश, मावशी निवांत. पण रात्री झोप येईना. मनात एकच विचार घोळत होता. टोक दोन बोटं उंच असतं तर मी गुन्हेगार, आणि बुटकं आहे म्हणून मी सज्जन? आतला जीव तर दोन्हीकडे सारखाच गेला असणार ना?

तुम्ही म्हणाल, बाई, मेलेलाच शंख असेल, किनाऱ्यावर वाहून आलेला. मीही इतकी वर्षं हेच समजत होते. पण जरा आठवून बघा. आपण किनाऱ्यावर फिरताना जे शंख वेचतो ते कसे असतात? रंग उडालेले, कड तुटलेली, लाटांनी घासून खडूसारखे झालेले, नाहीतर आत खेकडा घर करून बसलेला. आणि दुकानातले? आरशासारखे चकचकीत. लाटांनी दळलेला शंख असा राहत नाही. असा शंख हवा असेल तर तो प्राणी जिवंत असतानाच धरावा लागतो आणि उकळून आतलं मांस काढावं लागतं. दादाच्या शंखावर एक ओरखडा नाही. सत्तेचाळीस वर्षं मी ज्याला त्याचं सौंदर्य म्हणत होते, तो खरं तर त्या प्राण्याच्या मरणाचा दाखला होता.

आणि प्राणी तरी कसा! गोगलगाय म्हटलं की आपल्याला "गोगलगाय आणि पोटात पाय" एवढंच आठवतं. पण हे कोन पक्के शिकारी. बहुतेक दिवसा वाळूत पुरून घेतात आणि रात्री बाहेर पडतात. काही जाती किडे खातात, काही दुसऱ्या गोगलगायी खातात, काही चक्क मासे. टेक्स्टाइल हा दुसऱ्या गोगलगायी खाणारा. यांचा दात म्हणजे इंजेक्शनची सुई आणि मासेमारीचा भाला यांचं मिश्रण. आतून पोकळ, टोकाला आकडे. तोंडाची लांब सोंड पुढे करून ते हा दात भक्ष्याच्या अंगात मारतात आणि त्यातून विष सोडतात. एक दात एकदाच वापरायचा, पुढच्या शिकारीला दुसरा. भात्यात बाण असावेत तसे दात आत तयार असतात.

त्यांच्यातला सगळ्यात घातक म्हणजे जिऑग्राफस कोन. त्याच्या विषात माशांच्या इन्सुलिनसारखं इन्सुलिन असतं, असं २०१५ साली शास्त्रज्ञांनी दाखवून दिलं. आसपासच्या माशांची साखर उतरते, ते गुंगतात, आणि हा आपलं जाळ्यासारखं तोंड पसरून त्यांना गिळतो. घरोघरी इन्सुलिन टोचून घेणारी आपण माणसं. गोगलगाय त्याचं हत्यार करते हे वाचून मी थक्क झाले. या कोनाच्या दंशाने माणसंही मेली आहेत. १९३५ साली ऑस्ट्रेलियातल्या हेमन बेटावर एक तरुण असाच हातात शंख धरून बसला होता, तो त्यात गेला. या विषावर उतारा अजून नाही. टेक्स्टाइलचा दंशही साधा समजू नये.

हे वाचताना मला घाम फुटला, कारण आता मला माझी चूक सांगायची आहे. ती मी आजवर कोणाला सांगितली नव्हती.

मी कोकणात समुद्राकाठच्या एका शाळेत होते. दरवर्षी दिवाळीच्या सुट्टीत मुलांना उपक्रम द्यायचे. 'शंख-शिंपले गोळा करा, पुठ्ठ्यावर चिकटवा, नावं लिहा.' गुण कशाला? तर शंख अखंड हवा, चमकदार हवा. तुटका असेल तर एक गुण कमी. एका वर्षी एक मुलगा डब्यातून शंख घेऊन आला. त्याचं नाव इथे लिहीत नाही, आज तो दोन मुलांचा बाप असेल. डबा उघडला तर वर्गभर दुर्गंधी. मुलं नाकाला रुमाल लावून हसायला लागली. मी त्याला सांगितलं, "घरी जाऊन उकळत्या पाण्यात घाल, सुईने आतलं काढ, साबणाने धू आणि मग आण."

तो म्हणाला, "बाई, काल आणला तेव्हा आतला हलत होता."

मी काय उत्तर दिलं असेल? "असतात असले किडे. जा बस जागेवर." दोन दिवसांनी त्याने स्वच्छ शंख आणला आणि मी त्याला दहापैकी दहा गुण दिले.

तो शंख तपकिरी, निमुळता, आइसक्रीमच्या कोनासारखाच होता. आता वाटतं, कोनाचीच एखादी लहान जात असावी. तो डबा त्याने दप्तरात आणला होता. वाटेत शंख खिशात ठेवला असता तर? पण खरं सांगू, मला त्या धोक्यापेक्षाही दुसरीच गोष्ट जास्त टोचते. त्या मुलाने माझ्यापेक्षा नीट पाहिलं होतं. त्याला हालचाल दिसली होती आणि ती त्याला महत्त्वाची वाटली होती. मी, त्याची शिक्षिका, त्याला शिकवलं की हालचाल महत्त्वाची नाही, चकाकी महत्त्वाची. आणि वर त्याबद्दल पैकीच्या पैकी दिले.

ही चकाकीची हौस आपलीच आहे असं नाही. हॉलंडमध्ये लिओने नावाचा एक संग्राहक होता. त्याच्या संग्रहात व्हर्मीर या मोठ्या चित्रकाराचं निळ्या कपड्यातल्या, पत्र वाचणाऱ्या स्त्रीचं चित्र होतं. ते ४३ गिल्डरला विकलं गेलं. आणि त्याच्याकडचा एक कोन, सेडोनुली नावाचा, १७९६ सालच्या लिलावात २४३ गिल्डरला गेला. आज ते चित्र ॲमस्टरडॅमच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहे.

दुसरा एक कोन, ग्लोरिया मारिस. नावाचा अर्थच 'समुद्राचं वैभव'. केम्निट्झने १७७७ साली त्याचं वर्णन केलं. पुढे जवळजवळ दोनशे वर्षं त्याचे मोजकेच नमुने जगाला ठाऊक होते. १९५१ साली न्यूयॉर्कच्या संग्रहालयातून त्याचा एक नमुना चोरीला गेला होता. मग १९६९ साली ग्वाडलकनाल बेटाजवळ पाणबुड्यांना त्याची वस्ती सापडली, आणखी ठिकाणं कळत गेली आणि किंमत कोसळली. प्राणी तोच, नक्षी तीच. म्हणजे लोक पैसे सौंदर्याचे मोजत नव्हते, तर 'दुसऱ्याकडे नाही' याचे मोजत होते.

आता दुसरी बाजू. मीच माझ्याशी वाद घालते, जुनी सवय आहे. टाउनसेंडसारखा नादिष्ट माणूस नसता तर अरबी समुद्राच्या तळाशी काय आहे ते आपल्याला कोणी सांगितलं असतं? आणि बाल्डोमेरो ऑलिव्हेरा यांचं काय? हे मूळचे फिलिपिन्सचे. लहानपणी शंख गोळा करायचे. परदेशात शिकून मायदेशी परतले तर प्रयोगशाळेत धड साधनं नाहीत. मग हाताशी असलेल्या कोनांच्या विषाचाच अभ्यास त्यांनी सुरू केला. पुढे अमेरिकेत युटा विद्यापीठात त्यांच्या हाताखाली मायकेल मॅकिन्टॉश नावाच्या कोवळ्या वयाच्या विद्यार्थ्याने मेगस नावाच्या कोनाच्या विषातून एक घटक वेगळा काढला. त्यातून झिकोनोटाइड हे वेदनाशामक औषध झालं. डिसेंबर २००४ मध्ये अमेरिकेत त्याला मान्यता मिळाली. मॉर्फिननेही ज्यांच्या वेदना थांबत नाहीत अशा रुग्णांना ते पंपाने थेट मणक्यातल्या द्रवात देतात. त्याचे दुष्परिणाम आहेत, ते सगळ्यांना चालत नाही, पण त्याचं व्यसन लागत नाही.

हे वाचून मी संगणक बंद केला आणि बराच वेळ नुसती बसून राहिले. दादा कर्करोगाने गेला. शेवटचे दोन महिने त्याच्या वेदना बघवत नव्हत्या. मॉर्फिनची मात्रा वाढवत नेली तरी तो रात्री उशी दाताखाली धरायचा. त्याच वेळी त्याने आणलेला शंख माझ्या शोकेसमध्ये होता. त्याच कुळातल्या दुसऱ्या कोनाच्या विषातलं औषध तेव्हा प्रयोगशाळांमध्ये तयार होत होतं. ते त्याला मिळालं असतं असं मी म्हणत नाही. सहा वर्षांनी मान्यता मिळालेलं, परदेशातलं, महाग औषध. पण ज्याला मी शोभेची वस्तू समजत होते, त्या जातीच्या जिवांच्या पोटात काय काय असतं हे मला ठाऊकही नव्हतं.

तर मग लहानपणी शंख गोळा करणं चांगलं की वाईट? माझं मत आता असं झालं आहे. नाद वाईट नाही, दुकान वाईट आहे. ऑलिव्हेरांना शंखाच्या आत कोण राहतं याचं कुतूहल होतं. आपल्याला शोकेससाठी फक्त भिंती हव्या असतात. आणि एक लक्षात घ्या, ते औषध आज प्रयोगशाळेत कृत्रिमरीत्या बनवतात. त्यासाठी रोज गोगलगायी माराव्या लागत नाहीत. शोकेससाठी मात्र दर वेळी एक जीव जातोच. २०१३ साली कोनांच्या ६३२ जातींचा आढावा प्रसिद्ध झाला. त्यात ६७ जाती धोक्यात किंवा धोक्याच्या उंबरठ्यावर आढळल्या. कितीतरी जातींबद्दल तर पुरेशी माहितीच नव्हती. ज्याच्या पोटात काय आहे ते अजून पाहिलंही नाही, ते डबे आपण पाण्यात उकळतो आहोत.

कोणी म्हणेल, कायदा आहे ना. आहे, आणि हवाच. पण माझ्यासारखी शिकलेली बाई दोन दिवस वाचूनही फोटो पाठवल्याशिवाय दोन कोनांतला फरक सांगू शकली नाही. सहलीला गेलेलं कुटुंब दुकानात उभं राहून काय ओळखणार? आणि जाळ्यात आलेला शंख दहा-वीस रुपयांना विकणाऱ्या कोळ्याच्या बाईला लॅटिन नावं कोण शिकवणार? तिच्यावर राग धरण्यात अर्थ नाही. ती विकते कारण आपण घेतो. म्हणून साधा नियम: ओळखायच्या भानगडीत पडूच नका, विकत घेऊ नका. यादीतला असो वा नसो.

आणि शाळांमधल्या माझ्या लेकींना आणि लेकांना, म्हणजे आता शिकवणाऱ्यांना, एक विनंती. तो पुठ्ठ्यावर शंख चिकटवायचा उपक्रम बंद करा. त्याऐवजी मुलांना वही-पेन्सिल घेऊन किनाऱ्यावर न्या. शंखाला हात न लावता त्याचं चित्र काढायला सांगा, आत कोणी आहे का ते बघायला सांगा. रेम्ब्रांने १६५० साली एका कोनाचंच चित्र तांब्याच्या पत्र्यावर कोरलं होतं. छापताना चित्र उलटं उमटतं म्हणून सही त्याने आठवणीने उलटी कोरली, शंख मात्र तसाच सरळ कोरला. त्यामुळे छापलेल्या शंखाची वळणं चुकीच्या दिशेला गेली. रेम्ब्रांचं चुकलं तर आपल्या पोरांचंही चुकू द्या. गुण कापू नका.

राहिला दादाचा शंख. तो समुद्रात परत टाकावा असंही एकदा मनात आलं. पण त्याने मेलेला जीव परत येत नाही, फक्त माझी टोचणी कमी होईल. तो भाचीचाच आहे. तिला फोन करून सगळं सांगितलं, डब्यातल्या मुलाचंही. ती म्हणाली, "आत्या, मग तो नुसता पाठवू नकोस. हे सगळं तुझ्या अक्षरात लिहून दे." बाहेर पाठवायचे नियम काय आहेत ते बहिणीचा मुलगा रीतसर विचारून येणार आहे. परवानगी नसेल तर ती पुढच्या वेळी इथे येऊन बघेल.

मी कागद घेतला आणि वर लिहिलं: 'कोनस टेक्स्टाइल. कन्याकुमारी, १९७८. दादाने आणला. याच्या आत एक शिकारी राहत होता.'

खाली अजून एक ओळ लिहिली आहे, त्या डब्यातल्या मुलासाठी. 'तू बरोबर होतास. आतला हलत होता.'